पार्किंगमधलं बँकॉक आणि एक बाळंतपण

नवऱ्याच्या व्हिसाला शेपटासारख्या चिकटून ज्या बायका नव्वदच्या दशकाच्या शेवटी अमेरिकेत आल्या, त्यांतली मी एक. अटलांटाजवळच्या अल्फारेटातलं अपार्टमेंट, बाहेर सुंदर हिरवळ आणि तिच्यावर चिटपाखरू नाही. नागपूरला मी शाळेत विज्ञान शिकवत होते. इथे मला नोकरीची परवानगी नव्हती, गाडी चालवता येत नव्हती, आणि गाडीशिवाय कोथिंबिरीची जुडीसुद्धा आणता येत नव्हती. नवरा सकाळी ऑफिसला गेला की संध्याकाळपर्यंत तोंडाला कुलूप. माणूस असं किती दिवस राहणार?

म्हणून समोरच्या घरात पुण्याचं जोडपं राहायला आलं तेव्हा मी खरंच आनंदले. त्यातल्या बायकोची गत माझ्यासारखीच होती. बोलकी, हसरी, स्वयंपाकात पक्की आळशी. महिन्याभरात आमचं अगं-तुगं झालं. पुढच्या वर्षी तिला दिवस गेले आणि तिच्या आईचा व्हिसा नाकारला गेला. त्या दिवशी ती माझ्या सोफ्यावर बसून ढसाढसा रडली. "आता माझं कोण करणार गं? इथे दोन दिवसांत डिस्चार्ज देतात, हातात बाळ देतात आणि बाय म्हणतात."

"मी करते," मी म्हटलं.

माझ्या दोन्ही बहिणींची बाळंतपणं मी काढली होती. डिंकाचे लाडू, अळिवाची खीर, तेल, शेक, बाळाला पायांवर घेऊन न्हाऊ घालणं, सगळं येत होतं. आम्ही तयारीला लागलो. ओव्याची धुरी द्यायची तर स्मोक अलार्म बोंबलेल, म्हणून त्याच्यावर प्लास्टिकची पिशवी बांधायची, इथपर्यंत बेत झाले. त्या परक्या देशात मला कुणीतरी एक काम दिलं होतं. ते बाळंतपण मला हवं होतं, तिला हवं होतं त्याहून जास्त.

माझी जात तिला ठाऊक नव्हती. आमचं आडनाव तीन-चार जातींत सापडतं, आणि त्यावर भलेभले अडतात. "मूळचे कुठले तुम्ही?" "नागपूरचे." "हो, पण मूळचे?" "मूळचेही नागपूरचेच." बाहेरच्या खोलीत बुद्धाची मूर्ती होती. ती पाहून मैत्रीण म्हणाली होती, "काय क्यूट शोपीस आहे! सेलमध्ये मिळालं का?" निळ्या कोटातला फोटो आत होता, आणि आत पाहुणे जात नाहीत. मला कुणी सरळ विचारलं नाही आणि मी दवंडी पिटली नाही. सकाळी उठून आपली जात सांगत फिरायचं कर्ज मी कुणाचं काढलं नव्हतं.

दोघींचे नवरे एकाच ऑफिसात होते. ती सातव्या महिन्यात असताना त्या ऑफिसने एका शनिवारी कुटुंबांसाठी सहल ठेवली. तिचं नाव 'बँकॉकची सकाळ'. अटलांटाच्या बाहेर एका हमरस्त्यावर थाई, लाओ, व्हिएतनामी लोकांची दुकानं होती. तिथे चालत चालत रस्त्यावरची न्याहारी करायची. वाट दाखवायला एक साठीची अमेरिकन बाई होती, बरीच वर्षं बँकॉकला राहून आलेली. हातातली पिवळी छत्री उंच धरून ती पुढे आणि आम्ही दहा-बारा जण मागे. रस्त्यावरचं खाणं म्हणे! त्या रस्त्याला फुटपाथच नव्हता. एका पार्किंग लॉटमधून दुसऱ्या पार्किंग लॉटमध्ये आमची दिंडी चालली होती. बाई मध्येच थांबून म्हणायची, डोळे मिटा, इथे कालवा आहे असं समजा, कालव्यात होड्या आहेत. डोळे उघडले की समोर टायरचं दुकान.

खाणं मात्र खरं होतं. गरम सोयाचं दूध आणि त्यात बुडवून खायचे तळलेले लांबडे पाव. केळीच्या पानात गुंडाळलेला चिकट भात. माझी मैत्रीण प्रत्येक ठिकाणी "नो मीट, नो फिश, नो एग" असा जप करत होती आणि विकणाऱ्या बायका हसून मान हलवत होत्या. कच्च्या पपईची कोशिंबीर उखळात कांडताना पाहिली आणि तिच्या तोंडाला पाणी सुटलं. गरोदर बाईला आंबट-तिखट म्हटल्यावर काय! दोन प्लेट संपवल्यावर वाटाड्या बाईने सांगितलं की त्यात माशाचा रस आणि सुकट असते. मी धसकून मैत्रिणीकडे पाहिलं. ती बोटं चाटत म्हणाली, "जाऊ दे यार, अमेरिकेत सगळं चालतं."

शेवटचा थांबा थाई लोकांचा विहार. बाहेरून साधं बैठं घर, दारात गॅरेज. मागच्या अंगणात शनिवार-रविवारी बायका खाऊ मांडायच्या. एकीपाशी बिडाचं खळग्याखळग्यांचं पात्र होतं आणि त्यात नारळाच्या दुधाचे आप्पे फुगत होते. मैत्रीण ओरडलीच, "अगं, हे तर आपले आप्पे!" पण वाटाड्या बाईने हात आडवा केला. इथे रीत अशी की आधी भिक्खूंच्या पात्रांत प्रत्येकाने चमचाभर भात वाढायचा, त्यांनी पालीतला पाठ म्हणून शील द्यायचं, मग बाकीच्यांनी खायचं. ज्यांना हवं त्यांनी आत बसा, ती म्हणाली.

मी आत बसले. भिक्खूंनी "नमो तस्स" सुरू केलं आणि माझे ओठ आपोआप हलू लागले. हे मी ठरवून केलं नाही. आमच्या वस्तीत रोज दिवेलागणीला आई आम्हाला ओळीने बसवून त्रिशरण-पंचशील म्हणायला लावायची; ते काय विसरायचं असतं? त्यांची चाल वेगळी, उच्चार वेगळे, पण शब्द तेच. दोन वर्षांत पहिल्यांदा मी माझ्या भाषेतल्यासारखं मोठ्याने काहीतरी म्हणत होते. शेजारच्या थाई आजीबाईंनी वळून पाहिलं, आपली चटई माझ्याकडे सरकवली आणि माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. मला रडू आलं, आणि मी ते येऊ दिलं.

उठले तर वाटाड्या बाई हरखलेली. सगळ्यांसमोर तिने विचारलं, तू बुद्धिस्ट आहेस? भारतातले तर सगळे हिंदू असतात ना? मैत्रीण दारातच उभी होती, हातात आप्प्यांची प्लेट घेऊन.

"हो, मी बौद्ध आहे," मी इंग्रजीत म्हटलं. अमेरिकनांना ते ऐकून कौतुक वाटलं. पुण्याच्या दोघांना नेमकं काय ते कळलं.

आम्ही चौघं एकाच गाडीतून परत निघालो. मग तिचा नवरा गाडी चालवता चालवता म्हणाला, "वहिनी, आम्ही असलं काही मानत नाही हं. कॉलेजात तुमच्यातले कितीतरी फ्रेंड्स होते माझे. आणि तुमचे मिस्टर तर खरंच ब्रिलियंट आहेत, मेरिटवरसुद्धा सहज आले असते." माझा नवरा बारावीच्या गुणवत्ता यादीतला. तो खिडकीबाहेर बघत राहिला. घरी आल्यावर मला म्हणाला, "तिथे तोंड उघडायची काय गरज होती तुला?" मी ताट आपटलं. त्याच्यावर माझा राग नव्हता, पण ताट आपटायला घरात दुसरं कोणी नव्हतं.

त्यानंतर तिचं येणं कमी झालं. आधी पाठ दुखते म्हणून, मग झोप येते म्हणून. मी डिंक साफ करून ठेवला होता, खारका फोडल्या होत्या. शेवटी एका दुपारी ती आली आणि खुर्चीच्या टोकावर टेकली.

"अगं, न्यू जर्सीहून माझी एक मावशी येतेय. लांबची आहे, पण आई म्हणाली, घरचं माणूस बरं."

"आईंना सांगितलंस तू?"

"विचारलं तिने, कोण करणार म्हणून. मग सांगावं लागलं." ती माझ्याकडे न बघता म्हणाली. "मी नाही मानत गं. पण पहिलं बाळंतपण आहे, आईचं मन कशाला दुखवा? तू वाईट नको वाटून घेऊस."

मला वाईट वाटलं होतं आणि ते मी तिला तोंडावर सांगितलं. माशाचा रस चालतो, कुणाच्याही हातची पपई चालते आणि माझ्या हातची खीर चालत नाही, हेही सांगितलं. ती रडली. रडणाऱ्या गरोदर बाईपुढे माझंच बोलणं दुष्टासारखं दिसलं. मी तिला पाणी दिलं. ते तिने घेतलं नाही.

मुलगी झाली. बाळ घरी आल्याचं मला समोरच्या दारावर लावलेल्या गुलाबी फुग्यांवरून कळलं. मावशीबाई आल्या, आणि दोन आठवड्यांत कंबर धरली म्हणून परत गेल्या. दुसऱ्या दिवशी तिच्या नवऱ्याने आमची बेल वाजवली. डोळे तारवटलेले, शर्ट चुरगळलेला.

"वहिनी, फेवर मागायला आलोय. तिला एकटीला मॅनेज होत नाही. दुपारी येऊन बाळाला आंघोळ घालाल का? आणि तिला तेल लावून द्याल? तुम्हाला सगळं येतं म्हणे. दुपट्यांची लॉन्ड्रीपण साठलीय. जेवणाचं बघू नका, एका काकूंचा डबा लावलाय."

"डबा कशाला? मी करते की तिच्यापुरतं."

तो जमिनीकडे बघायला लागला. "नको, तेवढं राहू दे. तिची आई रोज फोनवर विचारते काय खाल्लं, कोणी केलं. बाकी सगळं तुम्ही करा. आम्हाला काही प्रॉब्लेम नाही."

माझी आजी वर्ध्याकडच्या एका खेड्यात सुईण होती. वरच्या आळीतली निम्मी पोरं तिच्या हातांत जन्मली. नाळ तिने कापायची, वार तिने पुरायची, बाळंतिणीचं अंग तिने रगडायचं. स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी मात्र तिने थांबायचं. तिने माझ्या आईला शिकवलं, आईने मला. मी एमएस्सी केलं, समुद्र ओलांडला, आणि आता हा सॉफ्टवेअर इंजिनियर माझ्या दारात उभा राहून, अगदी नम्रपणे, आजीचंच काम मला देऊ करत होता.

"जमणार नाही," मी म्हटलं आणि दार लावलं.

त्या दुपारी बाळ फार रडलं. दोन दारं आणि मधला जिना ओलांडून आवाज येत होता. कसं धरलं की ते शांत होईल हे मला ठाऊक होतं, आणि मी हात मांडीवर ठेवून बसून राहिले. त्या मुलीला मी एकदाही उचलून घेतलं नाही. ते दुःख माझं आहे, दोष माझा नाही.

पुढे एकदा इंडियन ग्रोसरीत ओळखीच्या एका मराठी काकू भेटल्या. भेंडी निवडता निवडता त्यांनी मला बाजूला घेतलं आणि समजुतीच्या सुरात म्हणाल्या, "बाळंतिणीला अडीनडीला नाही म्हणू नये गं. ती काही तुझ्याबद्दल वाईट बोलत नाही हो. एवढंच म्हणाली, बाकी स्वभावाने चांगली आहे, पण तिच्या डोक्यात जातीचं फार आहे."