मित्रराष्ट्राचं आरमार

पहिला ग्रह घेताना घाई करू नका, हे मी आजही कुणालाही सांगेन. खेळ सुरू झाला की पडद्यावर तुमचा एकच तारा दिसतो, भोवती सगळा अंधार, आणि हाताशी वसाहतीचं एक जहाज. नवशिका माणूस लगेच सगळ्यांत मोठा, हिरवागार ग्रह शोधतो आणि चार तारे ओलांडून तिथे माणसं नेऊन टाकतो. मग तिथे धान्य पोचत नाही, माणसं कुरकुरायला लागतात, आणि विसाव्या फेरीत तो ग्रह बंड करून मोकळा होतो. त्यापेक्षा शेजारचा खडकाळ, किरकोळ ग्रह घ्यावा. दिसायला दरिद्री, पण हाकेच्या अंतरावर. मी पुण्यात कॉलेजात भूगोल शिकवत होते, त्यातही वस्त्यांचा भूगोल, त्यामुळे हे मला कुणी शिकवावं लागलं नाही. स्वतःच्या बाबतीत मात्र सगळं ज्ञान गुंडाळून ठेवलं आणि नवऱ्यामागून गुडगावला आले.

त्याला मानेसरला गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात नोकरी लागली होती. परदेशी कंपन्या धडाधड येत होत्या आणि आमच्या ओळखीतल्या प्रत्येक इंजिनिअरला दिल्लीकडून बोलावणं येत होतं. मी दोन वर्षांची बिनपगारी रजा काढली. नव्या सोसायटीत चौथ्या मजल्यावर घर मिळालं. बाल्कनीसमोर मोहरीचं शेत, त्याच्या पलीकडे अर्धवट बांधलेले टॉवर, आणि मधून एक रस्ता, आखलेला पण न झालेला. पाणी टँकरनं यायचं. निम्म्या घरांना कुलपं होती, कारण मालक परदेशात. नवी उपनगरं कशी वाढतात हे मी वर्षानुवर्षं फळ्यावर वर्तुळं काढून शिकवलं होतं. त्या वर्तुळात सकाळी सातपासून रात्री नऊपर्यंत माणसानं करायचं काय, हे आमच्या पाठ्यपुस्तकात नव्हतं.

दिल्लीतल्या मराठी मंडळात एकदा हळदीकुंकवाला गेले. जायला दोन बस, यायला दोन बस, आणि तिथल्या बायका एकमेकींना वीस वर्षं ओळखत होत्या. परत गेले नाही.

खेळाची सीडी त्यानंच आणली होती, फुटपाथवरून. पहिल्या हिवाळ्यात रविवारी बाहेर इतकं धुकं असायचं की समोरचं शेतही दिसायचं नाही. आम्ही दोघं एका रजईत बसून खेळायचो. एकाच कॉम्प्युटरवर दोघांची दोन साम्राज्यं. त्याची फेरी झाली की त्यानं बटण दाबायचं, मग माझी फेरी. दोघांचे पासवर्ड वेगळे, त्यामुळे एकाला दुसऱ्याचं काही दिसत नाही. दिसते ती फक्त सरहद्द, आणि तिच्यावरून येणारीजाणारी जहाजं. तिसऱ्याच रविवारी जेवताना त्याच्या तोंडून त्याचा एक बेत निसटला, मी त्याचा फायदा घेतला आणि आमचं कडाक्याचं भांडण झालं. तेव्हा मी नियम केला, की खेळाबद्दल खेळाबाहेर अवाक्षर काढायचं नाही. जे बोलायचं ते खेळातल्या पत्रांतून. एका राष्ट्रानं दुसऱ्याला पत्र पाठवायची सोय त्यात होती, आणि तिच्यातूनच आमचा मैत्रीचा तह झाला. माझी नियम करायची खोड जुनी, वर्गातली.

उन्हाळा आला तसे त्याचे रविवारही कारखान्यात जायला लागले. पण खेळ थांबला नाही. सकाळी मी स्वयंपाकघरात त्याचा डबा भरत असायचे, तेव्हा तो चहाचा कप घेऊन आतल्या खोलीत जायचा. कॉम्प्युटर सुरू झाल्याचा आवाज यायचा, मग माउसची टिकटिक. पावणेसातला कंपनीची बस. तो गेला की घर आवरून मी खुर्चीत बसायचे आणि माझी फेरी खेळायचे. दिवसाला एक फेरी. इतक्या सावकाश कुणी साम्राज्य चालवलं नसेल.

एक फेरी दहा मिनिटांची असते. मी ती चार-चार तास पुरवायचे. प्रत्येक ग्रहावर किती माणसं शेतीत, किती प्रयोगशाळेत, हे पुन्हा पुन्हा फिरवून बघायचे. दर पाच मिनिटांनी खेळ जतन करा, हा नियम तर गुडगावात राहणाऱ्यानं कपाळावर गोंदवून घ्यावा, कारण लाइट कधी जाईल त्याचा नेम नाही. मी दोनदा अख्खं युद्ध गमावलं ते शत्रूमुळे नाही, वीज मंडळामुळे. लाइट गेली की खालच्या मजल्यावरच्या भाभी बाल्कनीतून हाक मारायच्या, "अजी, बंद हो गया आपका कम्प्यूटर? अब तो नीचे आ जाओ." मी "आती हूँ" म्हणायचे आणि जायचे नाही. त्यांच्याकडे गेलं की मूल का नाही यावर गाडी यायची.

त्याला मात्र खेळाची काही जाण नव्हती. पहिल्या दोन रविवारी त्याच्या बोलण्यातूनच मला ते कळलं होतं. चांगलं खनिज साठवून ठेवायचा, वापरायचा नाही. म्हणून मी त्याला पत्रांतून शिकवायला लागले. मराठीच, पण इंग्रजी अक्षरांत, कारण खेळाला दुसरी येत नव्हती. साठवलेलं खनिज म्हणजे फडताळातला चांगला कपबश्यांचा सेट, पाहुणे यायच्या आत फुटतो, तेव्हा जहाजं बांध. आधी शेती, मग प्रयोगशाळा. उपाशी शास्त्रज्ञ काही शोधत नाहीत. नव्या वसाहतीकडून पहिल्या दहा फेऱ्या कसलीही अपेक्षा ठेवू नकोस, उलट रोज काहीतरी पाठवत राहा, नाहीतर तिथली माणसं आपण कुणाचे आहोत ते विसरतात. हळूहळू सल्ले मागे पडले आणि बाकीचं जास्त यायला लागलं. आज टँकर आला नाही. आज शेतात मोर आला होता. आज दिवसभरात मी फक्त भाजीवाल्याशी बोलले, तेही हिंदीत.

प्रत्येक पत्राला दुसऱ्या दिवशी उत्तर यायचं. इंग्रजीत, एका ओळीचं: आपला संदेश मिळाला, आपल्या मैत्रीची आम्हांला कदर आहे. नेहमी तीच ओळ. मला इतकं हसू यायचं. लग्न ठरल्यावर मी त्याला चार-चार पानी पत्रं लिहायचे आणि त्याचं कार्ड यायचं, 'पत्र मिळालं. मी मजेत.' त्याच्या घरात कुणी मनातलं बोलत नाही. त्याच्या आईला सून आवडली हे मला सहा महिन्यांनी कळलं, तेही तिनं लोणच्याची बरणी माझ्या हातात दिली म्हणून. तेव्हा ही गंभीर सरकारी ओळ म्हणजे त्याची थट्टा, आणि थट्टा म्हणजे माया, हे मला अगदी स्पष्ट होतं. रात्री तो जेवून अंग टाकायचा. मी म्हणायचे, जाऊ दे, सकाळी बोललोय की आपण.

दुसऱ्या वर्षाच्या मार्चमध्ये पुण्याहून पत्र आलं, खरंखुरं, कागदावरचं. आमच्या विभागप्रमुख बाईंनी लिहिलं होतं, की रजा संपत आली आहे, जूनमध्ये रुजू होणार की राजीनामा देणार ते पंधरा दिवसांत कळवावं. जागा अडवून ठेवता येणार नाही. मी ते पत्र जेवणाच्या टेबलावर त्याच्या ताटाशेजारी ठेवलं. त्यानं दोनदा वाचलं.

"तू ठरव," तो म्हणाला. "तुझी नोकरी आहे, मी काय सांगणार?"

"तरी पण. तुला काय वाटतं?"

"अगं, तुला जे बरं वाटेल ते. मी मध्ये येणार नाही."

मला त्याच्या तोंडून 'थांब' एवढाच शब्द हवा होता. तो म्हणाला असता तर मी हसत राजीनामा दिला असता. तसं म्हणाला नाही, तर पुण्याला जायचं, असं मी मनाशी ठरवलं. आईला फोन करून तसं सांगितलंही. सुटकेस वरून काढून पुसून ठेवली.

आणि त्याच आठवड्यात माझ्या साम्राज्यावर हल्ला झाला. उत्तरेच्या टोकाला कॉम्प्युटरचं एक राष्ट्र होतं, कीटकांसारख्या प्राण्यांचं, तहबिह न मानणारं. त्यांची बावीस जहाजं माझ्या सगळ्यांत लांबच्या ग्रहाकडे निघाली. तो ग्रह तसा कामाचा नव्हता. सैन्याच्या हिशेबानं तो सोडून द्यायचा असतो. टोकाचं टोक वाचवायला राजधानी उघडी टाकू नये, हे मी स्वतःच त्याला लिहिलेलं होतं. पण मी त्याला पत्र लिहिलं. लिहिलं की इथे माझं कुणी नाही, एकटीच्यानं आता निभत नाही, मी जाऊ का सोडून? ग्रहाबद्दल लिहिलं होतं आणि ग्रहाबद्दल नव्हतं, हे मला लिहिताना माहीत होतं.

दुसऱ्या दिवशी माझी फेरी उघडली तर सरहद्दीवर निळी जहाजं. त्याची. एक-दोन नव्हे, त्याचं सगळं आरमार, स्वतःचे ग्रह उघडे टाकून माझ्या त्या टिचभर ग्रहाकडे निघालेलं. मी कितीतरी वेळ पडद्याला हात लावून बसले होते. मग उठून कागद घेतला आणि बाईंना राजीनामा लिहिला. त्याच दुपारी सेक्टरच्या पोस्टात जाऊन रजिस्टर केला. येताना जिलेबी घेतली. रात्री त्याला सांगितलं तेव्हा तो घास हातात धरून माझ्याकडे बघत राहिला आणि म्हणाला, "नक्की ना?" मी म्हटलं, "नक्की." नियम होता, म्हणून जहाजांबद्दल काही बोलले नाही.

एप्रिल आणि मे मी सुखात होते, हे कबूल करायला हवं. भाभींकडेही दोनदा जाऊन आले.

जूनच्या अखेरीस त्याला कंपनीनं आठवडाभर चेन्नईला पाठवलं. पहिल्याच दिवशी दुपारी त्याचा फोन आला. "अगं, माझी फेरी राहिली. तुझा खोळंबा नको, तूच दाब ना बटण. पासवर्ड एक-दोन-तीन-चार आहे. मला दुसरं काय लक्षात राहणार?"

मी हसतच पासवर्ड टाकला. त्याचं साम्राज्य मी पहिल्यांदाच बघत होते. सगळ्यात वर एक पट्टी होती: राज्यकारभार सल्लागाराकडे, सव्विसाव्या फेरीपासून. सल्लागार म्हणजे कॉम्प्युटर. ज्यांना खेळायचं नसतं त्यांच्यासाठी ती सोय असते, मी कधी वापरली नव्हती. आम्ही तेव्हा चारशेव्या फेरीच्या पुढे होतो. खाली पत्रांची पेटी, त्यात माझी सगळी पत्रं, टँकर, मोर, भाजीवाला, आणि ते शेवटचं. एकही उघडलेलं नव्हतं. सल्लागाराच्या कामांची यादी उघडली. परराष्ट्रांच्या पत्रांना सौजन्यपूर्ण उत्तर देणे. मित्रराष्ट्रावर हल्ला झाल्यास संपूर्ण आरमार आपोआप रवाना करणे. एवढी वर्षं मी वर्गात पोरांना सांगत आले की आधी नकाशाची सूची वाचा, मग नकाशा वाचा.

मी बटण दाबलं नाही. त्या आठवड्यात फोनवरही त्याला काही बोलले नाही.

रविवारी सकाळी तो परत आला होता, आम्ही पोहे खात होतो. मी विचारलं, "सल्लागारावर कधी सोपवलंस सगळं?"

"कसलं?" मग त्याच्या लक्षात आलं. "अगं, फार पूर्वीच. मला त्यातलं काय कळतंय? पण तू वाट बघत बसणार, म्हणून सकाळी बटण दाबून जायचो. एक दिवस चुकवलं नाही हं. ताप होता तेव्हासुद्धा उठलो होतो."

हे त्यानं अभिमानानं सांगितलं, आणि ते खरं होतं. तापातही तो उठला होता, मला आठवत होतं. राग कुणावर काढावा तेच मला समजेना.

"मी राजीनामा का दिला असं तुला वाटतं?"

"तुला इथे आवडायला लागलं म्हणून. का?"

"मार्चमध्ये मी सरळ विचारलं असतं, थांबू की जाऊ, तर काय म्हणाला असतास?"

त्यानं चमचा खाली ठेवला. तो विचार केल्याशिवाय उत्तर देत नाही. "मी म्हटलं असतं, जा," तो म्हणाला. "तू इथे सुकत चालली होतीस. मला दिसत होतं. पण मी जा म्हटलं तर तुला वाटेल मला तू नको आहेस, म्हणून गप्प बसलो. मग तूच राहिलीस, तेव्हा म्हटलं, आपल्यालाच काहीतरी चुकीचं दिसलं असेल."

त्याला दिसत होतं. दोन वर्षं मला एवढंच तर हवं होतं, आणि ते मला कळलं तेव्हा पुण्यात कॉलेज सुरू होऊन दोन आठवडे झाले होते आणि माझ्या वर्गावर दुसऱ्या बाई शिकवत होत्या.