अप्पांची रेघ

बदललेल्या ओळीशेजारी समासात उभी काळी रेघ ओढल्याशिवाय अप्पांना चैन पडत नसे. वैमानिकांची कामाची पुस्तकं आणि आणीबाणीच्या याद्या ते सुधारून देत. सोलापुरातल्या घरी बसून, लॅपटॉपवर. मी त्यांच्या हाताखाली चार वर्षं काढली. रेघेचा अर्थ, इथं नवं काही आहे, जुन्या सवयीनं वाचू नका. पण हे गृहस्थ किराणाच्या यादीतही साखरेऐवजी गूळ आला की रेघ ओढायचे! त्यांच्या अक्कलकोटकडच्या पत्नी, आमच्या अक्का, कपाळावर हात मारायच्या.

एकदा विमानात धूर झाल्यावरच्या यादीत मी मधेच 'पुढील पान पाहा' असं लिहिलं. अक्का आत मिरच्या भाजत होत्या. अप्पांनी कागद हातात देऊन मला तिथं उभं केलं. "वाच मोठ्यानं." ठसक्यानं माझा जीव जायची वेळ आली, पान कसलं उलटतंय! "घाबरलेला माणूस पान उलटत नाही बाबा," ते शांतपणे म्हणाले. मी मनातल्या मनात त्यांना भरपूर शिव्या घातल्या आणि यादी एका पानात बसवली.

त्यांचं हृदय अधू होतं, मूलबाळ नव्हतं. आपल्याला काही झालं तर एकट्या अक्कांची तारांबळ उडेल, ही एकच धास्ती. म्हणून स्वयंपाकघराच्या दारावर मोठ्या अक्षरांत यादी: गॅस बंद कर. जिभेखाली गोळी दे. रुग्णवाहिकेला फोन कर. दार उघडं ठेव. पिशवीत दवाखान्याचे कागद भर. "मला काय विमान चालवायचंय व्हय?" अक्का कुरकुरायच्या. तरी दर महिन्याला तालीम व्हायचीच.

यंदा ऐन उन्हाळ्यात, एका दुपारी ती वेळ आली. रुग्णवाहिका पोचली तेव्हा अप्पा गेलेले होते.

आठवड्यानं मी भेटायला गेलो.

"घाबरला असाल," मी म्हणालो.

"लई घाबरले की. पण वाचत गेले अन् करत गेले."

मी दाराकडे पाहिलं. यादीची शेवटची ओळ बदललेली होती: 'आता पळापळ नको. माझ्याजवळ बस.' शेजारी काळी रेघ, खाली ते जायच्या आठवडाभर आधीची तारीख. त्या तारखेला अप्पांनी मला सुट्टी दिली होती. दवाखान्यात जाऊन येतो, अक्काला बोलू नकोस, म्हणाले होते. मला रडू आवरेना.

"रेघ दिसली मला," अक्का म्हणाल्या. "म्हटलं, हितं नवीन हाय. नीट वाचलं. आन् बसले."