निषादची पोटदुखी

महाडच्या एसटी स्टँडसमोर निषाद शेट्येचं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान होतं. मशीन खोलून दुरुस्त करण्यात त्याचा हात धरणारा गावात कोणी नव्हता. त्याच्याशी लग्न होऊन आलेली देवश्री दुकानाच्या मागच्या खोलीत मुलींना कॉम्प्युटर शिकवायची. दोन हजार साल उलटलं, जुन्या प्रोग्रामांची दुखणी यायला लागली आणि गिऱ्हाइकं दारातूनच विचारू लागली, "वहिनी आहेत का?"

तेव्हाच्या प्रोग्रामांना लागणाऱ्या कितीतरी फाइली विंडोजच्या एका फोल्डरात पडलेल्या असत. दोन-तीन प्रोग्रामांत सामाईक, आणि नावं अशी की वाचून काही बोध होऊ नये. एक उडाली की प्रोग्राम उघडत नसे. देवश्री अशी फाइल उघडून चिन्हांच्या गिचमिडीत एखादा वाचता येणारा शब्द शोधायची, कुणी बनवली, कधीची, ते बघायची आणि सांगायची, "ही छपाईची आहे. हिला हात लावू नका."

लोक तिची तारीफ करायचे तेव्हा निषाद हसायचा, पण त्या दिवशी त्याला जेवण जायचं नाही. ती गुणगुणत भाकऱ्या थापायला लागली तरी त्याला वाटायचं, ही मला डिवचतेय.

बिरवाडीच्या मुरादभाईंचे ट्रक होते. त्यांचा बिल्टी, म्हणजे ट्रकमधल्या मालाची पावती, छापायचा प्रोग्राम फार मंद चालायला लागला, म्हणून त्यांनी वहिनींना बोलावलं. निषाद स्वतःच गेला आणि जागा करायची म्हणून अनोळखी नावांच्या फाइली पुसून आला. दुसऱ्या दिवशी प्रोग्राम उघडेना. मुरादभाईंचा फोन आला, "भाई, वहिनींना पाठवा. गाड्या उभ्या हायत."

"तिला कावीळ झालीय," निषाद म्हणाला.

दोन दिवसांनी मुरादभाईंची बायको झुबेदा उसाची कांडकी घेऊन दुकानात आली. मागच्या खोलीच्या दारात उभी राहून देवश्री मुलींना शिकवत होती.

"अगो, तू तर चांगली उभी हायस! भाई बोलले, कावीळ झालीय!"

देवश्रीने नवऱ्याकडे पाहिलं. तो खाली मान घालून स्क्रू पिळत होता. "आता बरी आहे," ती झुबेदाला म्हणाली. "चला, मी येते तुमच्याबरोबर."

निषाद दुकान बंद करून स्कूटरवरून मागोमाग गेला.

मुरादभाईंकडे पडद्यावर हरवलेल्या एका फाइलीचं नाव येत होतं. ती वजनकाट्यावरचं मालाचं वजन बिल्टीत आणणारी फाइल असणार, हे देवश्रीने ओळखलं. पण आणायची कुठून? प्रोग्राम बनवणाऱ्याचा फोन बंद होता. निषादला मात्र आल्या आल्या आठवलं होतं. वर्षापूर्वी मुरादभाईंची हार्डडिस्क त्यानेच बदलली होती आणि जुनी त्याच्या कपाटात पडून होती. तो चहा पीत गप्प बसला. देवश्री त्याच मशीनमधली मिळतीजुळती एकेक फाइल तिच्या जागी बसवत होती आणि प्रत्येक वेळी फसत होती. ते बघून त्याला बरं वाटलं.

शेवटी ती मागे रेलली. "मला नाही जमत, मुरादभाई."

"जाऊ द्या वहिनी," मुरादभाई म्हणाले. "आजारातून उठून आलात, हेच लय झालं."

निषादला ते झोंबलं. हरूनही मान तिलाच! तो ताडकन उठला, "माझ्याकडे जुनी डिस्क आहे," म्हणाला आणि महाडहून घेऊन आला.

डिस्कवर त्याच नावाच्या तीन फाइली निघाल्या, वेगवेगळ्या वर्षांच्या. त्याने ऐटीत माउस हातात घेतला आणि थबकला. कोणती घ्यायची, ते कळेना. देवश्रीने तिन्ही प्रोग्रामच्या तारखेशी ताडून पाहिल्या, मधली बसवली आणि बिल्टी छापली गेली. मुरादभाईंनी दोघांनाही मिठाई दिली.

परतताना स्कूटरवर मागून तिने विचारलं, "डिस्कचं कधी आठवलं?"

"गेल्या गेल्या."

"आणि कावीळ?"

"लोक तुला बोलावतात, मला नाही. सहन होत नाही मला."

ती म्हणाली, "मग सहन करायला शिका. मी काही माझं कमी करणार नाही."

पुढच्या वर्षी तिला बिरवाडीच्या एका कारखान्यात कॉम्प्युटर विभागात नोकरी लागली. निषाद तिला रोज गेटपर्यंत सोडायचा. वॉचमन तिला आधी नमस्कार करायचा आणि त्याला अजूनही झोंबायचं. फक्त आता तो ते तोंडाने सांगायचा.

"आज पुन्हा जळलो गं."

"जळा," ती पदर सावरत म्हणायची, "आणि संध्याकाळी न्यायला या."