अम्माचा सपनमाग

आमच्या चाळीत सगळ्यांची स्वप्नं ऐकणाऱ्या अम्माला स्वतःला जन्मात एकही स्वप्न पडलं नव्हतं. "मी झोपले की मेले, उठले की जिती," असं ती मिश्री लावता लावता सांगायची. म्हणूनच की काय, दुसऱ्यांच्या स्वप्नांवर तिचा भारी डोळा.

सोलापुरात तेव्हा गिरणीचा भोंगा झाला की अख्खा गाव दचकायचा. रातपाळीची माणसं दिवसा झोपायची आणि भोंग्यानं त्यांचं स्वप्न नेमकं मध्येच तुटायचं. अम्मा तेलुगू विणकरांच्या घरातली. तिनं नवऱ्याच्या मोडक्या हातमागाची चौकट खाटेवर आडवी टांगली, तीत बांबूची फणी बसवली आणि सपनमाग तयार केला. ज्याला भेटायचं त्याच्या कापडाचा धागा फणीतून ओवायचा, एक टोक झोपणाऱ्याच्या अंगठ्याला बांधायचं आणि दुसऱ्या टोकाला दगड. हलका दगड लावला की माणूस नुसतं दिसायचं, जड लावला की शेजारी बसून बोलायचं. "धागा ताणला की सपान हलत न्हाय. भोंगा वाजू दे न्हायतर तोफ," अम्मा म्हणायची.

मोबदला एकच. उठल्याबरोबर स्वप्न अम्माला सांगायचं, दुसऱ्या कुणालाही नाही. बाहेर बोललं की धागा सैल पडतो म्हणे. ऐकताना ती नाकही मुरडायची. "बाजारात गेला, वांगी घेतली, परत आला. ह्ये काय सपान हाय? जा, पुन्ना झोप!"

आमचे हे गिरणीत जॉबर, म्हणजे मुकादम. मी वैराग गावाहून लग्न होऊन आले तेव्हाच मला ठाऊक होतं की मी दुसरी. थोरली लग्नानंतर वर्षाच्या आत साथीत गेली होती. तिचं एक हिरवं लुगडं ट्रंकेत होतं. उन्हाळ्यात त्याला ऊन दाखवून पुन्हा घडी घालायचं काम माझंच. एका वर्षी बघते तर पदराचे धागे ओढलेले. तेव्हा कळलं, हे सुट्टीच्या दुपारी अम्माकडे कशाला जातात ते.

माझा नुसता जळफळाट झाला. घरात हे घुम्मे. शेंगाची पोळी वाढली काय आणि शिळी भाकरी वाढली काय, मुकाट्यानं जेवायचे आणि हात धुऊन उठायचे. अम्माकडून येताना मात्र गालातल्या गालात हसत यायचे. मेलेल्या बाईशी भांडता येत नाही, म्हणून मी अम्माशी भांडायला गेले.

"काय बगत्यात सांग की, अम्मा."

"त्याचं सपान त्याचं. तुला पायजे तर तुझं आन, ऐकते."

"तिच्यासंगं काय बोलत्यात, येवढं तरी सांग."

"बोलतो बाबा, लई बोलतो. थांबतच न्हाय."

त्या दिवशी मला सवतीपेक्षा अम्माचाच राग जास्त आला. माझ्या नवऱ्याच्या मनातलं हिला ठाऊक आणि मी परकी! पुढं कितीतरी दिवस मी तिच्या दारावरून मान वळवून जायची.

शेवटी राहवेना. लुगड्याचा एक धागा काढला आणि भर दुपारी अम्माच्या दारात उभी राहिले. "अय्यो, सवतीला भेटाय निघालीस व्हय?" असं म्हणत तिनं सगळ्यात जड दगड लावला.

भेटली. मला वाटलं होतं, कुणी ठसठशीत, भरल्या अंगाची बाई असेल. लुगड्यात बुडून गेलेली एक पोर होती ती, माझ्या लेकीएवढी. चुलीपाशी बसली होती. मला नीट न्याहाळून म्हणाली, "शेंगाची पोळी करणाऱ्या तुमीच व्हय? सारकं तुमचंच सांगत असत्यात. पोळी अशी मऊ, सारण पार काठापातूर. मला मेलीला शिकाय बी मिळालं न्हाय." आणि तिनं तोंड फिरवलं. ती माझा हेवा करत होती.

उठल्यावर अम्माला सगळं सांगितलं. विचारलं, "तुला ठावं व्हतं?"

"तर! त्या पोळीचं ऐकून ऐकून माझ्या तोंडाला पानी सुटायचं. पर तू तुकडा म्हून आनला न्हाईस. फकस्त भांडाय आलीस."

दुसऱ्याच दिवशी मी डबाभर पोळ्या नेल्या. अम्मानं डोळे मिटून एक खाल्ली आणि म्हणाली, "खरंच सांगत व्हता की." मला आनंद व्हायला हवा होता. पण माझं कौतुक दोन बायकांनी ऐकलं होतं आणि त्यांत मी नव्हते, हेच मनातून जाईना.

त्या पावसाळ्यात अम्मा झोपेतच गेली. मला इतकं रडू येईल असं वाटलं नव्हतं. तिच्या मुलानं चौकट उतरवली आणि पुन्हा कापड विणायला माग दुरुस्त करायला घेतला.

पुढच्या सुट्टीला हे नेहमीसारखे निघाले, दारापर्यंत गेले आणि परत येऊन पाटावर बसले. मी शेंगाची पोळी वाढली. यांनी पोळी संपवली. मग ताटालाच सांगितल्यासारखे म्हणाले, "बरी झालीया."

मी आत गेले, पदर तोंडाला लावला आणि भिंतीकडे तोंड करून उभी राहिले. जरा वेळानं मनात आलं, त्या चुलीपाशी बसलेल्या पोरीला यापेक्षा पुष्कळ जास्त सांगितलं असणार.