बाटलीतला पांढरा रंग

मागच्या हिवाळ्यात रत्नागिरीजवळ ओहोटीच्या खडकांवर मी एका गोगलगायीकडे बोट दाखवून ओरडले, "बघा सर, बघा आता!" आमच्या ह्यांना वाटलं काहीतरी चावलं, ते चपला हातात घेऊन धावत आले. मुलगी म्हणाली, "काही नाही हो बाबा, आईचे सर आलेत." घरात माझ्या रागाची अशी थट्टा होते आणि मला ती मान्य आहे. बोटभर लांबीच्या प्राण्यापायी एका माणसावर इतकी वर्षं चिडून राहणं शहाण्या बाईला शोभत नाही. पण मी शहाणी आहे असं म्हटलंय कोणी?

मी कॉलेजात गेले तेव्हा भिलाईचा पोलादाचा कारखाना अजून उभाच राहत होता. एक भट्टी पेटायची आणि तिच्या शेजारी दुसरीचा पाया खणला जायचा. आम्ही गोंदियाकडचे. वडील आधी रेल्वेत होते, मग मेल्टिंग शॉपमध्ये भट्टीवर लागले. आई क्वार्टरच्या व्हरांड्यात मशीन मांडून शिवायची. रशियन इंजिनिअरांच्या बायकांना इथलं ऊन सोसेना, त्यांना सुती फ्रॉक हवे असायचे, आणि आमच्या आईला माप घ्यायला भाषा लागत नसे.

त्यांतली एक बाई कापडाबरोबर एक वही घेऊन आली. तिला गळ्याला झालर हवी होती, वहीतल्या चित्रासारखी. चित्रात केशरी रंगाचं काहीतरी लांबट होतं, पाठीच्या मागच्या टोकाला पाकळ्यांचा झुबका, पुढे दोन शिंगं. आई म्हणाली, "बढिया फूल है." बाई हसून हसून लाल झाली. बाजारात शिकलेल्या हिंदीत तिने सांगितलं, "फूल नहीं. घोंघा. समुंदर का. छोटा था, घर था. बड़ा हुआ, घर फेंक दिया."

तिच्या देशाच्या पूर्व किनाऱ्यावर समुद्री प्राण्यांचा अभ्यास चालायचा, तिथे ती चित्रं काढण्याच्या नोकरीला होती. मी त्या वेळी कॉलेजच्या पहिल्या वर्षाला, विषय जीवशास्त्र, आणि उभ्या जन्मात सगळ्यात मोठं पाणी पाहिलं होतं ते शिवनाथ नदीचं. झालरीचं काम आठवडाभर चाललं. मी तो आठवडा त्या वहीत काढला. जन्मताना या गोगलगायीला इवलासा शंख असतो, वाढताना ती तो टाकून देते. फुलासारखा दिसतो तो झुबका म्हणजे तिचे कल्ले, चक्क उघड्यावर. शिंगांनी ती वास घेते. एक जात स्पंज खाते आणि त्यातलं विष स्वतःच्या अंगात मुरवते. दुसरी तर चोरच. डंख मारणारे प्राणी खाते, पण त्यांचे डंख पचवत नाही, पाठीवरच्या बोटांसारख्या फुगवट्यांत न फुटलेल्या फटाक्यांसारखे जपून ठेवते. म्हणून तर असा भडक रंग. खाशील तर तोंड पोळेल, अशी ती लांबूनच बजावते.

बाईने हेही सांगितलं, की प्रत्येक गोगलगाय एकाच वेळी नर आणि मादी दोन्ही असते. मी ते आईला मराठीत समजावलं. आईने तोंडातला दोरा तोडला आणि विचारलं, "दोन्ही? मंग थ्यांच्यात सैपाक कोन करते?"

 

आणि मग कॉलेजात तोच प्राणी समोर आला, बाटलीत. नवे नमुने आले होते, त्यातल्या एकावर लेबल होतं, डोरिस, म्हणजे तीच समुद्री गोगलगाय. मी मान लांब करून पाहिलं तर औषधी पाण्यात सोललेला उकडलेला बटाटा. झुबका आत ओढलेला, शिंगं गायब, रंग पांढरा. मला वाटलं बाटली बदलली. पण ओळखीची एक खूण होती, वहीत होतं तसंच पाठीवरचं बारीक खरखरीत पुरळ. तीच ती. जिचा पाकळ्यांचा झुबका आईने कापडात उतरवला होता तीच.

प्रॅक्टिकलच्या रेकॉर्डात चित्र पेन्सिलीने काढायचं, रंग लावायचा नाही, हा नियम मला ठाऊक होता. सगळ्यांनाच होता. पण घरी येऊन वही उघडली तेव्हा तो बटाटा काढायला माझा हात चालेना. रंगपेटी घरात नव्हती. मी वाटीत हळद कालवली, त्यात कुंकू टाकलं, तेव्हा कुठे तो केशरी आला. तेवढ्यावर थांबले असते तरी चाललं असतं. पण मी अतिशहाणी. कपड्यांची नीळ घेऊन भोवती समुद्रही रंगवला.

सर नागपूरचे, बोलणं अगदी स्वच्छ, इस्त्रीच्या शर्टासारखं. त्यांनी पान उघडलं, नाकाजवळ नेलं आणि सगळ्या वर्गाला ऐकू जाईल असं म्हणाले, "ही प्रॅक्टिकलची वही आहे की देव्हारा?"

वर्ग हसला.

"बाटलीतला प्राणी कोणत्या रंगाचा आहे?"

"पांढरा, सर. पण तो खरा..."

"समुद्र पाहिलायस तू?"

"नाही, सर."

"मग हा निळा रंग तुला कुठे दिसला? न्हाणीघरात?"

वर्ग पुन्हा हसला. मला सांगायचं होतं की एका रशियन बाईने जिवंत बघून काढलेलं चित्र मी पाहिलंय, तिच्या फ्रॉकला तसली झालर आमच्या आईने लावलीय. पण 'फ्रॉकची झालर' हे शब्द त्या खोलीत उच्चारायचे कसे? सरांनी पान फाडलं. टर्र असा आवाज आला, तो मला आजही कुठे कापड फाटलं की ऐकू येतो. "नवीन चित्र. पेन्सिलीने. आणि खाली स्पष्ट लिहायचं, रंग पांढरा. त्याशिवाय मी रेकॉर्डवर सही करणार नाही."

सही नाही तर परीक्षेला बसता यायचं नाही. बसता आलं नाही तर वर्ष गेलं. आणि वर्ष गेलं तर कॉलेजही जाणार, कारण आमच्या चाळीएवढ्या नातेवाइकांत कॉलेजात गेलेली मी पहिली मुलगी होते आणि काका, मामा, आत्या सगळे ती कधी परत येते याचीच वाट पाहत होते.

घरी येऊन मी जी बडबड सुरू केली ती थांबेना. नागपुरात कुठला समुद्र आहे? फुटाळ्याचं तळं? या माणसाने स्वतः जिवंत गोगलगाय कधी पाहिलीय का? वांगी चिरत होते, ती इतकी बारीक चिरली की आई म्हणाली, "चटनी करून राहिली का भाजी?"

वडील पहिल्या पाळीहून आले होते. अंगणात बसून पायांवरची लाल धूळ धूत होते. त्यांच्या खिशात नेहमी निळ्या काचेचा चौकोनी तुकडा असायचा. त्या काचेतून भट्टीत बघायचं, नाहीतर डोळे जातात. रसाचा रंग बघून ते ओळखायचे, पोलाद तयार आहे की अजून वेळ आहे. एवढ्या मोठ्या कारखान्यात रंग बघण्याची मजुरी घेणारा माणूस आमच्या घरात होता, आणि मी त्याला काही विचारलं नव्हतं. कारण तेव्हा मला वाटायचं की वडिलांना भट्टीपलीकडचं काही कळत नाही.

ते म्हणाले, "येवढी काहून तापून राहिली? लिहून दे पांढरा. पास हो न मोकळी हो."

मग मी त्यांच्यावरही भडकले. "तुम्ही लिहाल का? भट्टीतला रस थंड झाल्यावर काळा होतो. तुमच्या लॉगबुकात तुम्ही काळा लिहिता का?"

"लिहितो तं."

मी विळीवरून उठले.

"थंड झालेल्याचं थंड झालेलं लिहितो," ते पाय पुसत म्हणाले. "पर केव्हाचा रंग हाये थे आधी लिहितो. टाईम नसला तं रीडिंगले मतलब काय? शिफ्टवाला साहेब फाडून फेकते वही."

ते उठून आत गेले आणि आईला म्हणाले, "पोरीले आज मिरची कमी दे."

मी रात्री नाही, सकाळी सकाळी, डोकं थंड असताना चित्र काढलं. पेन्सिलीने. हुबेहूब बटाटा, खरखरीत पुरळसुद्धा एकेक ठिपका देऊन. खाली इंग्रजीत लिहिलं: रंग पांढरा, मेल्यानंतर.

एकच शब्द जास्तीचा म्हणा, इंग्रजीत दोन. कॉलेजच्या वाटेवर मी अख्खं भांडण पाठ केलं. सर विचारतील, हे काय? मी म्हणेन, निरीक्षणाची वेळ, सर. ते म्हणतील, जास्त शहाणपणा नको. मी म्हणेन, वेळ नसेल तर निरीक्षणाला अर्थ नाही, सर, माझे वडील मेल्टिंग शॉपमध्ये आहेत. ते पान फाडतील. फाडलं तर मी पुन्हा तेच लिहीन, वर्ष गेलं तर जाऊ दे. एवढी तयारी मी परीक्षेचीही कधी केली नव्हती.

सर दुसऱ्या सरांशी बोलत होते. कँटीनच्या चहात आजकाल दूध नसतं, याबद्दल. मी वही समोर ठेवली. त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही, चित्राकडे पाहिलं नाही. अंगठ्याने पानं पुढे सरकवत गेले, रंग कुठे नाही ना एवढंच बघत, शेवटच्या पानावर सही केली, वही बाजूला ढकलली आणि म्हणाले, "पाणीच असतं हो नुसतं."

मी तिथेच उभी राहिले.

"आता काय?" सर म्हणाले.

"काही नाही, सर," मी म्हणाले, आणि वही उचलून बाहेर आले. व्हरांड्यात सही पुन्हा बघितली. ऐटदार होती. परीक्षेला बसायला मिळणार होतं, कॉलेज वाचलं होतं, आणि मला इतका संताप आला होता की सायकलची किल्ली कुलपात शिरेना. पान फाडलं तेव्हासुद्धा आला नव्हता इतका. फाडायला निदान ते बघावं तरी लागलं होतं.