माझ्याविरुद्ध आलेली पहिली तक्रार

"तुमची ऋतुजा वर्गात फार बोलते हो," फोनवरचे सर म्हणाले, आणि पप्पांनी हातातला चहा खाली ठेवला.

पप्पांचा फोन कायम स्पीकरवर असतो, त्यामुळे हे आईनेही ऐकलं आणि दाराआडून मीही. ऋतुजा म्हणजे मी. तेव्हा अकरावीत होते. रिक्षावाल्याला 'थांबा' म्हणणं जमलं नाही म्हणून सिडकोत उतरायचं सोडून थेट हर्सूलच्या जेलपर्यंत गेलेली मुलगी ती मीच. (परत चालत आले. रिक्षा करायची तर पुन्हा बोलावं लागलं असतं.)

पप्पांनी सरांना ते वाक्य दोनदा म्हणायला लावलं. मग अजिजीने विचारलं, काय काय बोलते? सर बिचारे सांगत गेले. शिकवताना मध्येच शेरे मारते, मागे बसून गाणी म्हणते, सरांच्या चालण्याची नक्कल करते. पप्पांनी फोनवर हात ठेवला आणि कापऱ्या आवाजात आईला म्हणाले, "अगं, पोरगी बोलायलीय."

आईने गॅस बंद केला आणि डोळे पुसले.

खरी गोष्ट अशी होती. केमिस्ट्रीच्या मॅडम रजेवर गेल्या आणि पंधरा दिवसांसाठी हे नवे सर आले. माझ्या बाकावरच्या श्रद्धाने ठरवलं की त्यांची जराशी गंमत करायची. पहिल्या दिवशी प्रत्येकाने शेजारच्याच्या नावाला हजेरी द्यायची. एकच दिवस, कुणाला काही त्रास नाही. माझा याला विरोध होता, तो मी मनातल्या मनात नोंदवला.

पण सर निघाले शिस्तीचे. त्यांनी आलेख-कागद काढून बाकांचा नकाशा केला आणि त्यात शाईने नावं लिहून टाकली. आता चूक कबूल कोण करणार? त्या दिवसापासून श्रद्धा झाली ऋतुजा, मी झाले श्रद्धा. आणि श्रद्धाचं तोंड एक मिनिट बंद नसतं. सरांनी रजिस्टरमध्ये ऋतुजाच्या नावापुढचा नंबर शोधला, तो अर्थातच माझ्या पप्पांचा.

सरांनी शनिवारी भेटायला बोलावलं होतं. तोपर्यंत ही बातमी फुलंब्रीला मोठ्या काकांकडे पोचली. काका फोनवर म्हणाले, "व्हय का? आपली ऋतू? लई झ्याक झालं."

मी खरं सांगणारच होते. जेवताना सुरुवातही केली, "पप्पा, ते वर्गात..." तर पप्पांनी घास ताटात ठेवला, आईने टीव्ही बंद केला, आणि दोघं माझ्याकडे असे बघत राहिले की मी मीठ मागितलं. भाजी आधीच खारट होती. ती मी संपवली.

शनिवारी पप्पांनी इस्त्रीचा शर्ट घातला आणि पेढे घेतले. (तक्रार ऐकायला जाताना पेढे नेणारा हा शहरातला पहिलाच बाप असावा.) फुलंब्रीहून काकाही आले. आम्ही स्टाफरूममध्ये शिरलो. सरांनी मला पाहिलं आणि प्रेमाने म्हणाले, "श्रद्धा, तू जरा बाहेर थांब बेटा. आणि ऋतुजाला पाठव."

काकांनी इकडेतिकडे पाहिलं. "ही सरधा कोण म्हणायची?"

"हीच की," सर म्हणाले. "अतिशय शांत मुलगी. तुमच्या मुलीने हिच्याकडून काहीतरी शिकावं."

पेढ्यांचा पुडा पप्पांच्या हातात तसाच अधांतरी राहिला. "सर," ते म्हणाले, "आमची मुलगी हीच आहे."

सरांनी घाईने नकाशा काढला. एकदा कागदाकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. स्टाफरूममधले बाकीचे शिक्षकही वळून बघू लागले. सरांचा चेहरा पांढरा पडला होता, आणि पप्पांचा माझ्याने बघवत नव्हता. चार दिवस घरात आलेलं सगळं सुख आता माझ्या एका वाक्यावर होतं; मी ऋतुजा ठरले की वर्गात बोलणारी ऋतुजा संपलीच.

"हे बघ, घाबरू नकोस," सर म्हणाले. "मोठ्याने सांग. तुझं नाव काय?"

"सांग बाळा," पप्पा हळूच म्हणाले.

मी छातीत श्वास भरला, मान वर केली, आणि जन्मात पहिल्यांदा, व्हरांड्याच्या टोकापर्यंत ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "सर, मी श्रद्धा."