दामियानने पिवळं कव्हर मागितलं

हे मी लिहिणारच नव्हते. दोनदा टाइप केलं, दोनदा पुसलं. कारण यात इरेककाकांची एक गोष्ट आहे, जी त्यांनी इतकी वर्षं ग्राझिनाकाकू सोडून कुणालाच सांगितली नाही, आणि ती अशी चव्हाट्यावर मांडणारी मी कोण? पण काल काकूच फोनवर म्हणाल्या, "लिही बाई. तो ओरडेल. ओरडू दे, मी बघून घेते." म्हणून एका दमात लिहितेय. चुका असतील तर चालवून घ्या, वेळ नाहीये.

इरेनेउश वाल्कोव्याक, म्हणजे आपले इरेककाका. लिपोव्हेत्सच्या बेकरीवाल्याचा धाकटा. सोळाव्या वर्षी पहिल्यांदा स्पीडवेच्या, म्हणजे मातीच्या गोल ट्रॅकवर पळवायच्या मोटरसायकलवर बसला तेव्हा आईने आठवडाभर बोलणं टाकलं. म्हणे, "जिला ब्रेकच नाही ती गाडी कसली? ती तर शवपेटी, चाकं लावलेली." बाप मात्र चोरून सरावाला जायचा, खिशात गरम पाव घेऊन. पोरगा वळणावर मागचं चाक घसरवत, माती उडवत असा काही जायचा की पाव हातातच राहायचा.

मग आलं शहाण्णव साल. आपल्याकडे लग्नात, बारशात, मयतीला, कुठेही दोन माणसं जमली की ती रेस निघतेच. इरेक आधीच्या फेरीत पडला होता, कुंपणावर आदळला होता, तरी शेवटच्या रेसला उतरला, चौथा होता, आणि बाहेरच्या बाजूने कुंपणाला चाटून तिघांना मागे टाकलं. आपण चॅम्पियन! लोकांनी त्याला खांद्यावरून थेट चर्चच्या दारापर्यंत नेलं.

आता ऐका. इरेककाकांना ती रेस आठवत नाही.

थोडीशीसुद्धा नाही. त्यांना आठवतं ते एकदम दुसऱ्या दिवशीचं दुपारचं स्वयंपाकघर. समोर बीटाचं सूप, आणि ते काकूंना विचारतायत, "आपण हरलो का गं?" काकू तेव्हा नव्या नवरी. त्यांना वाटलं थट्टा करतोय. मग त्यांनी त्याच्या डोळ्यांकडे बघितलं आणि हातातला डाव खाली पडला. त्यानंतर त्याला उजेड सोसेना, डाव्या कानात शिट्टी वाजायची ती आजही वाजते. दोन सीझन कसेबसे काढले आणि गाडी सोडली. आणि लोक ती रेस रंगवून सांगायला लागले की काका नुसते मान हलवतात. शाळेत बोलावलं की तीच सांगतात, लोकांकडून ऐकून ऐकून पाठ झालेली.

पुढे मेकॅनिक झाले, मग टीमचे मॅनेजर. पण कसले मॅनेजर! मॅचच्या दिवशी पोटात अन्न जात नाही. सकाळीच ट्रॅकवर जाऊन टाचेने माती उकरत फिरतात. आणि रेस सुटली की पहिल्या वळणाला पाठ फिरवून उभे राहतात. लोकांना वाटतं नवस आहे. नवसबिवस काही नाही हो. बघवत नाही त्यांना. ते फक्त ऐकतात.

यंदाची शेवटची मॅच तुम्हाला माहीतच आहे. जिंकलो तर लीगमध्ये टिकणार, हरलो तर खाली, आणि खाली गेलो तर क्लब राहील की नाही याचाच भरवसा नाही. स्टँड खच्चून भरलेला. जो तो सूर्यफुलाच्या बिया फोडतोय, पण सालं थुंकायलाही विसरलेला. आणि सगळ्यांचा जीव अडकलाय एकट्या दामियानमध्ये. दामियान म्हणजे फुलवाल्या योलांताबाईंचा मुलगा, काकांनीच घडवलेला, आपला सगळ्यात वेगवान गडी.

मॅचच्या पंधरा रेसपैकी बाराव्या रेसला काका पाठ फिरवून उभे होते. चार इंजिनं ऐकू येत होती. एकदम एक इंजिन किंचाळलं, चाकाखालची जमीन सुटल्यावर किंचाळतं तसं, आणि बंद पडलं. मग स्टँडही बंद पडला.

काका वळेपर्यंत दामियान उठून उभा होता. हात हलवत होता. लोकांनी टाळ्यांनी स्टँड डोक्यावर घेतला. डॉक्टरांनी नाव विचारलं, वार विचारला, बोट नाचवून दाखवलं. सगळं बरोबर. "फिट आहे," म्हणाले.

शेवटच्या रेसला कोण उतरणार हे मॅनेजरने सांगायचं असतं. गुण बरोबरीत होते. मेकॅनिक लुत्स्यान हेल्मेटवर चढवायची कापडी कव्हरं घेऊन उभा होता. आपल्या घरच्या मैदानावर आपली कव्हरं लाल आणि निळी, हे तर शेंबड्या पोरालाही कळतं. दामियानने हात पुढे केला.

"लुत्स्यान, पिवळं दे."

"पिवळं?" लुत्स्यान खो खो हसला. "ते पाहुण्यांचं रे! पार्टी बदललीस काय? किती दिले त्यांनी?"

सगळे हसले. दामियानही हसला, पण सगळ्यांच्या मागून. आधी इकडे तिकडे बघून, मग.

 काका धावत डॉक्टरांकडे गेले. डॉक्टर म्हणाले, "अहो, मस्करी केली असेल पोराने. मी तपासलंय. माझ्याकडून फिट. पुढचं तुमचं तुम्ही बघा."

क्लबचे अध्यक्ष सोब्चिक घामाने निथळत आले. "वाल्कोव्याक, नाव द्या ना! वाट कसली बघताय?"

"दामियान नाही. नॉर्बेर्त जाईल."

"तो राखीवातला नॉर्बेर्त? डोकं ठिकाणावर आहे का तुमचं?"

"माझं आहे," काका म्हणाले. "त्याचं नाहीये."

दामियान अंगावरच आला. "ट्रेनर, काय चाललंय? मला काही झालेलं नाही!"

"आपण आज कुठे खेळतोय दामियान?"

"हा काय प्रश्न झाला?"

"सांग ना रे बाळा. घरी की बाहेर?"

दामियानने स्टँडकडे बघितलं. मग चिडून, "घरी! आणि तुम्ही नव्हता उतरलात शहाण्णवला? डोकं आपटून? तेव्हा तुम्ही हीरो आणि आज मी लंगडा घोडा?"

काकांनी त्याचे दोन्ही दंड धरले आणि हळू आवाजात म्हणाले, "मला ती रेस आठवत नाही, दामियान. कधीच आठवली नाही. ते सगळं मी लोकांकडून ऐकलंय."

 दामियानने त्यांचे हात झटकले. "खोटारडे! आमच्या शाळेत येऊन तोंडभरून सांगितलंत! आज मला बसवायचंय म्हणून ही नवी कहाणी?"

नॉर्बेर्त उतरला. बिचाऱ्याने जीव तोडला. शेवटचा आला. आपण हरलो.

पुढचं काय सांगू, तुम्हीच केलंत सगळं. मी पण केलं. फाटकावर शिट्ट्या, काकांच्या गाडीवर बियांची सालं, "म्हाताऱ्याला पोराचं नाव झालेलं बघवलं नाही" वगैरे. आणि पहिले काही दिवस दामियान भेटला की जो तो पाठीवर थाप मारून सांगायचा, तू ठणठणीत होतास रे, इरेकने तुझा घात केला.

इथेच सगळं अडलंय. दामियानने डोक्याचं स्कॅन करून घेतलेलं नाही. काका चारदा गेले त्याच्याकडे, त्याने दार उघडलं नाही. योलांताबाई पावाच्या रांगेत म्हणतात, "रुसलाय हो माझा. दिवसभर झोपतो, पडदे उघडू देत नाही, खाल्लेलं राहत नाही पोटात. मन लागत नाही त्याचं." आणि रांगेतले सगळे म्हणतात, साहजिकच आहे, अन्यायच झाला ना.

काकूंनी हे घरी सांगितलं तेव्हा काका चप्पल न घालता तसेच निघाले. पडदे! उलट्या! त्यांना माहीत आहे ना हे काय असतं. फुलांच्या दुकानावरच दामियानची खोली, तिच्या खाली उभं राहून हाका मारल्या. वरून आवाज आला, "जा हो ट्रेनर. डॉक्टरकडे गेलो तर तुम्ही खरे ठरणार, हो ना?" तेव्हापासून काका रोज फुलांच्या दुकानासमोरच्या बाकावर बसून त्या खिडकीकडे बघत असतात. अँब्युलन्स बोलावली होती त्यांनी. दामियानने 'यायचं नाही' अशी सही करून परत पाठवली.

काकांचं तो ऐकणार नाही. काका बरोबर होते की चूक हे मला माहीत नाही, आणि आत्ता मला ते नकोच आहे. पण तुमचं तो ऐकेल. तुम्हीच सांगितलंय ना त्याला की तू ठणठणीत आहेस? मग तुम्हीच जा. मॅचबद्दल बोलू नका, घात वगैरे तर अजिबात नको. फुलांच्या दुकानाच्या मागच्या जिन्याने वर जा, दार वाजवा, त्याच्याजवळ बसा, आणि गाडीत घालून हॉस्पिटलला न्या. मी पोझ्नानहून संध्याकाळच्या गाडीने निघतेय. पण माझी वाट बघू नका. हे वाचून झालं असेल तर उठा आणि दामियानला जाऊन भेटा.